पडद्यामागे बसलेली बाई

बिबवेवाडीहून आम्ही बचत गटाच्या समन्वयक बोलतोय. मागच्या वेळी आपण गटाचं दप्तर कसं ठेवायचं, कर्जाची नोंद कुठे करायची, हे बोललो होतो. आजचा विषय ऐकून काही जणी म्हणतील, या बायांना आज काय झालं! कारण आज आपण टीव्हीबद्दल बोलणार आहोत. पण टीव्हीवर काय लागतं याबद्दल नाही. ते कोण ठरवतं, याबद्दल.

संध्याकाळी सात वाजले की आपल्या घराघरात काय होतं ते सगळ्यांना ठाऊक आहे. एका हाताने भाकरी थापायची आणि मान वळवून मालिका बघायची. त्या मालिकेतली सून चोवीस तास दागिने घालून वावरते, सासू दाराआड उभी राहून कट करते, आणि घरात पैसा कुठून येतो ते कधीच कळत नाही. दळण, पाणी, रेशन, हप्ता, मजुरी यातलं काही तिथे नसतं. आपण नटीचं नाव सांगतो, तिच्या साडीचा रंगही लक्षात ठेवतो. पण ‘ही मालिका दिग्दर्शित कोणी केली?’ असं विचारलं तर एकीलाही सांगता येत नाही. नाव पडद्यावर येतं, पण तेवढ्यात आपण तवा उतरवायला उठलेल्या असतो.

आधी दिग्दर्शक म्हणजे कोण ते बघू. लग्नघरात एक मोठी काकू असते. ती स्वतः भात शिजवत नाही, मांडव घालत नाही, वाजंत्री वाजवत नाही. पण आचाऱ्याने भात कधी टाकायचा, नवरीला बाहेर कधी आणायचं, पंगत कधी बसवायची, हे तिच्या डोक्यात पक्कं असतं. एक गोष्ट चुकली तर बोल तिलाच लागतो. दिग्दर्शकाचं काम असंच. गोष्ट कशी सांगायची, कोणी कुठे उभं राहायचं, कॅमेऱ्याने चेहरा बघायचा की हात, कुठे थांबायचं, हे सगळं तो ठरवतो. किंवा ती ठरवते.

टीव्हीच्या स्टुडिओत तर आणखी गंमत असते. तिथे एका वेळी दोन-तीन कॅमेरे चालू असतात. काचेपलीकडच्या खोलीत दिग्दर्शक बसतो आणि समोरच्या छोट्या छोट्या पडद्यांवर प्रत्येक कॅमेऱ्याचं चित्र बघतो. ‘आता एक नंबर, आता दोन नंबर’ असं तो सांगत जातो. तो जे चित्र निवडेल तेच आपल्या घरात दिसतं. बाकीची चित्रं असतात, पण आपल्याला ती दिसत नाहीत. म्हणजे घरात भांडण चालू असताना कॅमेरा ओरडणाऱ्या सासऱ्यावर ठेवायचा की कोपऱ्यात गप्प बसलेल्या मुलीवर, हे त्या खोलीतलं माणूस ठरवतं. त्या खुर्चीवर कोण बसतं याने फार फरक पडतो.

आपल्या देशात टीव्ही सुरू झाला 15 सप्टेंबर 1959 रोजी, दिल्लीत. मुंबईचं दूरदर्शन केंद्र सुरू झालं 2 ऑक्टोबर 1972 रोजी. त्या अगदी सुरुवातीच्या काळात त्या खुर्चीवर बसलेली एक बाई आपल्या पुण्यात वाढलेली होती. तिचं नाव सई परांजपे.

सईताईंचा जन्म 1938 सालचा. त्यांची आई शकुंतला परांजपे. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे, फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य. घर शिकलेलं होतं, हे खरं. पण एक गोष्ट आपल्यातल्या पुष्कळ जणींच्या ओळखीची आहे. सईताईंचे आईवडील लवकरच वेगळे झाले आणि आईने मुलीला माहेरी वाढवलं. शकुंतलाबाई केंब्रिजला जाऊन गणित शिकल्या होत्या. 1938 पासून त्यांनी पुण्यात कुटुंब नियोजनाचं काम केलं. त्या काळात ‘मूल कधी हवं, किती हवीत’ हा शब्द बाईने तोंडातून काढणं म्हणजे आकाश कोसळल्यासारखं होतं. त्यांनी टीका झेलली आणि काम चालू ठेवलं. पुढे त्या विधान परिषदेत गेल्या, राज्यसभेत गेल्या. 1991 साली त्यांना पद्मभूषण मिळालं. आज आपल्या आशाताई घरोघरी जाऊन पाळणा लांबवायचं जे बोलतात, ते बोलण्याची वाट अशा बायांनी आधी तुडवून ठेवली आहे.

अशा आईची ही मुलगी. सईताईंचं गोष्टींचं पहिलं पुस्तक, ‘मुलांचा मेवा’, त्या आठ वर्षांच्या असताना छापून आलं. आपल्या घरात आठ वर्षांची मुलगी गोष्ट रचून सांगायला लागली तर आपण काय म्हणतो? ‘बडबड बंद कर आणि धाकट्याला सांभाळ.’ मुलीचं बोलणं ऐकून घेणारं कोणी घरात असलं तर काय होतं, त्याचं हे उदाहरण आहे.

सईताईंच्या कामाची सुरुवात झाली ती रेडिओवर. पुणे आकाशवाणीवर त्या निवेदिका होत्या, मुलांचे कार्यक्रम करत होत्या, मुलांसाठी नाटकं लिहून बसवत होत्या. म्हणजे आज आपण ज्या कामात आहोत, माइकसमोर बसून बोलण्याच्या, तिथूनच त्यांनीही सुरुवात केली. मग त्या दिल्लीला राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकायला गेल्या आणि 1963 साली तिथलं शिक्षण पुरं केलं. पुढे दिल्ली दूरदर्शनवर त्यांनी बरीच वर्षं निर्माती आणि दिग्दर्शिका म्हणून काम केलं. मुंबईचं केंद्र सुरू झालं तेव्हा उद्घाटनाचा कार्यक्रम करण्यासाठी त्यांची निवड झाली होती. त्याच 1972 साली त्यांच्या ‘द लिटल टी शॉप’ या टीव्हीवरच्या चित्रपटाला तेहरानला आशियाई प्रसारण संघटनेचं बक्षीस मिळालं. टी शॉप म्हणजे आपली चहाची टपरी. टपरीसारख्या साध्या जागेतही सांगण्यासारखी गोष्ट असते हे ज्याला दिसतं, त्याच्या हातात कॅमेरा गेला पाहिजे.

नंतर त्या सिनेमाकडे वळल्या. त्यातले चार सिनेमे आपण गटात बसून बघावेत असे आहेत, म्हणून त्यांच्याबद्दल थोडं सांगतो.

पहिला ‘स्पर्श’. तो 1980 सालचा. अंध मुलांच्या शाळेची गोष्ट. शाळेचे मुख्याध्यापकही अंध आहेत. सईताईंनी हा सिनेमा दिल्लीच्या अंध शाळेत जाऊन काढला आणि तिथल्या खऱ्या मुलांनी त्यात काम केलं. मुख्याध्यापकांना एकच गोष्ट सहन होत नाही. ‘बिच्चारी मुलं’ असं कोणी म्हटलेलं. मदत चालेल, पण कीव नको. आपल्या गटांनाही हा अनुभव येतोच. कार्यक्रमाला बोलावतात, स्टेजवर ओळीने उभं करतात, हातात साडी देतात, फोटो काढतात आणि ‘या गरीब महिला’ म्हणून ओळख करून देतात. आपण तिथे हिशेबाची वही घेऊन गेलेल्या असतो, ती कोणी उघडून बघत नाही. ‘स्पर्श’ बघितल्यावर हे जास्त नीट कळतं. या सिनेमाला हिंदीतल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पटकथेसाठी सईताईंना मिळाला आणि मुख्याध्यापकांचं काम करणाऱ्या नसीरुद्दीन शाह यांना अभिनयाचा मिळाला.

दुसरा ‘चश्मे बद्दूर’, 1981 सालचा. हा खळखळून हसवणारा आहे. पण त्यातली नायिका काय करते ते बघा. ती दारोदार जाऊन कपडे धुण्याची पावडर विकते. लोकांसमोर कपडा धुऊन दाखवते. आपल्यातल्या ज्या जणी पापड, मसाला, फिनेल घेऊन सोसायट्यांमध्ये जातात, त्यांना हे वेगळं सांगायला नको. वॉचमन आत सोडत नाही, कोणी दार अर्धं उघडून ‘नको’ म्हणतं. त्या काळात सिनेमाची नायिका बागेत गाणी म्हणायची. या बाईंनी तिच्या हातात मालाची पिशवी दिली.

तिसरा ‘दिशा’, 1990 सालचा. हा तर आपल्या गावांचाच आहे. दुष्काळी गावातले दोघे जण मुंबईला गिरणीत काम मिळेल म्हणून जातात. तिथे एका गाळ्यात कितीतरी माणसं पाळीपाळीने झोपतात. इकडे गावात मागे राहिलेली बायको बिडीच्या कारखान्यात कामाला लागते आणि तिच्या हातात स्वतःचा पैसा येतो. घरातला एक भाऊ मात्र गावातच राहून वर्षानुवर्षं विहीर खणतोय. लोक त्याला वेडा म्हणतात. बिबवेवाडीत आमच्या अप्पर आणि सुप्पर इंदिरानगरात अशी किती घरं सांगू! कोणी सोलापूरकडून आलंय, कोणी मराठवाड्यातून. पुरुष मार्केट यार्डात हमाली करतात, बाया चार घरची धुणीभांडी आणि स्वयंपाक करतात. गावाकडच्या विहिरीचा विषय निघाला की सगळ्यांचा आवाज बदलतो. हा सिनेमा शहरात आलेल्यांचा आहे तितकाच गावात राहिलेल्यांचा. म्हणून तो तुम्ही गावात बघा, आम्ही इथे बघतो.

आणि चौथा ‘चूडियाँ’, 1993 सालचा. तो सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेला छोटा चित्रपट आहे. महाराष्ट्रातल्या एका खेड्यातल्या बाया दारूच्या विरोधात उभ्या राहतात, अशी गोष्ट. त्याला सामाजिक विषयावरच्या चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चूडियाँ म्हणजे बांगड्या. आपल्याकडे पुरुषाला हिणवायचं असलं की म्हणतात, ‘हातात बांगड्या भरल्यात का?’ जणू बांगड्या भरलेल्या हातांनी काही होतच नाही! आणि इथे तेच हात दारूविरुद्ध उठतात. आपल्या राज्यात ‘आडवी बाटली’ची सोय आहे, हे गटांना माहीत आहे. गावातल्या किंवा वॉर्डातल्या 25 टक्के महिला मतदारांनी सह्या करून मागणी केली की मतदान घेता येतं, आणि ठरलेल्या प्रमाणात मतं आडव्या बाटलीला पडली तर परवान्याचं दुकान बंद होतं. पण 25 टक्के सह्या गोळा करणं म्हणजे काय, ते ज्यांनी केलंय त्यांनाच ठाऊक. दारोदार फिरावं लागतं, कोणाचा नवरा अंगावर धावून येतो, कोणी सही करून दुसऱ्या दिवशी परत घेते. अशा वेळी ‘आपल्यासारख्या बायांवर सिनेमा निघालाय’ एवढं सांगितलं तरी दोन जणी जास्त पुढे येतात.

सईताईंनी टीव्हीसाठी ‘अडोस पडोस’ आणि ‘छोटे बडे’ या मालिका केल्या. साक्षरता अभियानासाठी ‘अंगूठा छाप’ केला. मुलांच्या चित्रपटांसाठी जी सरकारी संस्था होती तिचं अध्यक्षपद त्यांनी दोनदा सांभाळलं. मराठी रंगभूमीला ‘जास्वंदी’, ‘सख्खे शेजारी’, ‘माझा खेळ मांडू दे’ अशी नाटकं दिली. 2006 साली त्यांना पद्मभूषण मिळालं. आईला आणि लेकीला, दोघींना पद्मभूषण! ‘सय : माझा कलाप्रवास’ या नावाने त्यांनी आपल्या कामाची हकीकत मराठीत लिहिली आहे. तालुक्याच्या वाचनालयात ते पुस्तक मागा. नसेल तर मागणीच्या वहीत लिहून या.

आता काही जणी मनात म्हणत असतील, ‘सईताईंची गोष्ट चांगली आहे, पण त्या रँग्लरांच्या नात. आपल्या पोरी कुठे आणि त्या कुठे?’ हा प्रश्न खोटा नाही. आजोबांचं घर, शिकलेली आई, दिल्लीला शिकायला पाठवण्याची ऐपत, हे सगळं त्यांच्यापाशी होतं. आपल्यापाशी ते नाही. मग आपल्यापाशी काय आहे, ते बघू. त्यासाठी आमच्याकडच्या एका गटात काय झालं ते सांगतो. नावं सांगणार नाही, कारण ते घर अजून आमच्याच गल्लीत आहे.

गटातल्या एका ताईंची मुलगी बारावी झाली. आई चार घरी स्वयंपाकाला जाते. मुलगी म्हणाली, ‘मला व्हिडिओचं एडिटिंग शिकायचंय.’ एडिटिंग म्हणजे चित्रण केलेल्या तुकड्यांमधून नको ते काढून हवं ते जोडायचं, निवडलेल्या तांदळासारखं. सहा महिन्यांचा कोर्स होता. आईने गटाकडे 20 हजारांचं कर्ज मागितलं.

बैठकीत एकदम कालवा झाला. एक म्हणाली, ‘त्यातून काय मिळणार?’ दुसरी म्हणाली, ‘तिथं सगळी पोरंच असतात.’ तिसरीने विचारलं, ‘उद्या लग्न झालं आणि सासरच्यांनी काम बंद केलं, तर हप्ता कोण भरणार?’ प्रश्न खोडसाळपणाचे नव्हते. पैसा सगळ्यांचा आहे. महिन्याला शंभर-शंभर करून तो जमा झालाय, कोणी भाजी विकून, कोणी फरशी पुसून. तो बुडाला तर सगळ्यांचा बुडतो.

मग गटातल्या सगळ्यात थोरल्या आक्का बोलल्या. त्यांना सही करता येते, वाचता येत नाही. त्या म्हणाल्या, ‘मागच्या वर्षी आपण साखरपुड्याला 40 हजार दिले. त्यातून काय मिळणार, असं तेव्हा एकीनं तरी विचारलं का?’

बैठक गप्प झाली. वही उघडली. मागच्या तीन वर्षांची कर्जं मोजली. लग्न, साखरपुडा, बारसं, दवाखाना, घरदुरुस्ती, मुलाची रिक्षा, मुलाची फी. मुलीच्या शिक्षणासाठी घेतलेलं कर्ज एकच निघालं. त्या दिवशी कोणी भाषण केलं नाही. 15 हजार मंजूर झाले, 15 हप्त्यांत फेड. उरलेले पाच हजार आईने दोन घरांतून उचल घेऊन भरले.

आज ती मुलगी लग्नाचे व्हिडिओ जोडण्याचं काम करते. सगळं गोड झालं असं आम्ही सांगणार नाही. लग्नसराईत काम रात्री उशिरापर्यंत चालायचं आणि गल्लीत लोक बोलायला लागले. आई दाराशी बसून राहायची. तेव्हा गटातल्या दोघी जणी जाऊन तिच्या मालकाला भेटल्या. मुलीने रात्री आठला निघायचं, राहिलेलं काम सकाळी लवकर येऊन करायचं, असं ठरलं. मालकाने पगारातून थोडी रक्कम कमी केली. ते मुलीने मान्य केलं, आम्हाला ते अजून खटकतं. हप्ते मात्र वेळेवर येतात. आणि आता ती आईला म्हणते, मला फक्त जोडायचं नाहीये, मला गोष्ट करायची आहे. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर 1960 सालापासून सरकारची फिल्म संस्था आहे, तिथे टीव्हीचंही शिक्षण मिळतं. ती मुलगी तिथे पोहोचेल की नाही ते काळ ठरवेल. पण तिचा विषय निघाला की आमच्या बैठकीत आता ‘पोरींचं काय काम तिथं’ असं कोणी म्हणत नाही.

तर आपल्यापाशी हे आहे. रँग्लर आजोबा नाहीत, पण दहा-बारा बायांचा गट आहे, वही आहे, थोडा का होईना स्वतःचा पैसा आहे, आणि मालकाच्या दारात जाऊन उभं राहण्याची सवय आहे.

आणि रेडिओ आहे. साताऱ्यात म्हसवडला माणदेशी बायांचा सामुदायिक रेडिओ चालतो. तेलंगणात माचनूर गावात संगम रेडिओ आहे. तो 2008 पासून शेतमजुरी करणाऱ्या दलित बाया चालवतात. रेकॉर्डिंग त्या करतात, जोडणी त्या करतात, बियाणांवर आणि पिकांवर त्या बोलतात. त्यांच्यासाठी बाहेरून कोणी येऊन ‘एक नंबर, दोन नंबर’ म्हणत नाही.

म्हणून येत्या महिन्यात गटांनी तीन कामं करावीत, अशी विनंती आहे.

पहिलं, मासिक बैठकीला जोडून सईताईंचा एखादा सिनेमा सगळ्या जणींनी मिळून बघावा. मुलांपैकी कोणाला तरी सांगितलं तर शोधून देतील. बघून झाल्यावर प्रत्येकीने एक गोष्ट सांगावी, यातलं आपल्या घरात कधी घडलंय का?

दुसरं, घरात मालिका लागते तेव्हा शेवटी येणारं दिग्दर्शकाचं नाव मुलीला मोठ्याने वाचायला सांगावं. आणि एक प्रश्न विचारावा, ही गोष्ट तू सांगितली असतीस तर कॅमेरा कोणाकडे वळवला असतास? मुली काय उत्तरं देतात ते ऐका.

तिसरं काम थोडं मोठं आहे. प्रत्येक गटाने दहा मिनिटांचा एक कार्यक्रम तयार करावा. मोबाइलवर रेकॉर्ड केला तरी चालेल. पंखा बंद करावा, कुकर उतरवून ठेवावा, कोंबड्यांना लांब हाकलावं, मोबाइल बोलणारीच्या तोंडापासून वीतभर अंतरावर धरावा. विषय तुमचा. पाण्याची रांग असो, आडव्या बाटलीच्या सह्या असोत, शेळीचा विमा असो. एक जण विचारेल, दोघी-तिघी सांगतील. आणि एक जण अशी ठेवा जी स्वतः काहीच बोलणार नाही. ती फक्त ऐकेल आणि ठरवेल, काय ठेवायचं, काय काढायचं, आधी कोणाचा आवाज, मग कोणाचा. शक्य असेल तर हे काम गटातल्या एखाद्या मुलीला द्या.

मैत्रिणींनो, पुढच्या महिन्याच्या दहा तारखेपर्यंत आपापली रेकॉर्डिंग पाठवा. चुकलेलं असलं, मध्येच कोणी शिंकलेलं असलं तरी पाठवा. रेडिओवर लावताना आधी गावाचं नाव सांगू, मग गटाचं, आणि त्याच्या लगेच पुढे ते जिने जोडलं तिचं. ते नाव रेकॉर्डिंगसोबत लिहून पाठवायला विसरू नका.